गावाला सगळं ठाऊक असतं, म्हणून?

पनवेल तालुक्यात आपट्यासारख्या गावात खासगीपणाचा विषय काढला की उत्तर ठरलेलं: ‘आपल्यात काय लपतंय? कोणाच्या घरी काय शिजलं ते आळीला आधी कळतं.’ पाठोपाठ दुसरं येतं: ज्याचं काही वावगं नाही, त्याने झाकायचं कशाला?

दोन्ही म्हणणी तकलादू आहेत. सुनेला दिवस गेलेत हे शेजारणी केव्हाच ओळखतात, पण ती स्वतः सांगेपर्यंत तिच्यासमोर विषय काढत नाहीत. रात्रीचं भांडण भिंतीपलीकडे ऐकू जातं; सकाळी त्याच भिंतीपलीकडून फक्त चहाला हाक येते. कुचाळक्या होतातच. पण त्या कोणी केल्या हे कळतं, दारात उभं राहून जाब विचारता येतो. गावच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर कोणाचा रक्ताचा रिपोर्ट फिरला, तर जाब कोणाला विचारणार? जो तो म्हणतो, मला पुढून आला.

खासगीपणा म्हणजे सुखवस्तूंचे चोचले, हा मुद्दा सर्वोच्च न्यायालयातही मांडून झाला. २४ ऑगस्ट २०१७ रोजी पुट्टस्वामी खटल्यात नऊ न्यायमूर्तींनी एकमताने खासगीपणा मूलभूत हक्क ठरवला आणि हा मुद्दा निकालात काढला.

मग सगळंच झाकायचं? मुळीच नाही. सातबारा उघडाच हवा. जमिनीचे भाव कडाडलेल्या या पट्ट्यात नाव, क्षेत्र, इतर हक्कांतला बोजा कोणालाही ऑनलाइन दिसतो, म्हणून घेणारा सहसा फसत नाही. तिथे उघडेपणाला कारण आहे. कोणाच्या मुलीचं लग्न का मोडलं, हे जाणून गावाचा कोणता व्यवहार अडतो?

ज्याला सांगायचं त्याने खुशाल सांगावं. हंसा वाडकरांनी ‘सांगत्ये ऐका’त आडपडदा ठेवला नाही, दया पवारांनी १९७८ साली ‘बलुतं’ लिहिलं, तेव्हा स्वकीयांतही नाकं मुरडली गेली. तरी सांगणारे ते स्वतः होते. तीच हकिकत दुसऱ्याने चव्हाट्यावर आणली असती, तर ती नुसती बदनामी.

आपटा स्टेशनवर ‘दिलवाले दुल्हनिया ले जायेंगे’चा शेवट चित्रित झाला, म्हणून लोक हौसेने तिथे फोटो काढतात, टाकतात. टाकू देत. पण मागच्या बाकावर पाटी घेऊन गाडीची वाट बघणारी बाई त्या हौसेत सामील नसते. फोटो टाकण्याआधी तिला एकदा विचारा.