एकच पुस्तक, हजार नोंदी

शासनमान्य ग्रंथांच्या यादीत एखादी कादंबरी आली की ती राज्यभरातल्या वाचनालयांत साधारण एकाच हंगामात जाऊन पडते. कोकणातल्या ‘ड’ वर्गाच्या वाचनालयात आणि पुण्यातल्या ‘अ’ वर्गाच्या ग्रंथालयात पुस्तक तेच, मुखपृष्ठ तेच. तरी प्रत्येक ठिकाणी ग्रंथपाल लेखक, नाव, प्रकाशक, पृष्ठे, किंमत असे सगळे नव्याने लिहून काढतो. महाराष्ट्रात शासनमान्य सार्वजनिक ग्रंथालये अकरा-बारा हजारांच्या घरात आहेत. एवढी लिखापढी होऊनही पनवेलच्या वाचकाला हवे असलेले जुने पुस्तक ठाण्यात आहे की नाही, हे फोन केल्याशिवाय कळत नाही. सगळ्यांनी मिळून एक तालिका करावी, ही मागणी म्हणूनच रास्त आहे. ती कशी करावी आणि कोणाच्या ताब्यात द्यावी, याचा विचार मात्र आधी झालेला बरा.

ही वाट नवी नाही. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने 1901 पासून आपली छापील तालिकापत्रे इतर ग्रंथालयांना विकायला सुरुवात केली. हेन्रिएट अव्राम यांनी 1960 च्या दशकात संगणकाला वाचता येईल असा ‘मार्क’ हा नोंदीचा साचा घडवला. 1967 मध्ये ओहायोतल्या महाविद्यालयांनी फ्रेडरिक किलगोर यांच्या नेतृत्वाखाली ‘ओसीएलसी’ ही संस्था काढली आणि 1971 पासून तारेने जोडलेली सामायिक तालिका सुरू केली. पद्धत सोपी: ज्याच्याकडे पुस्तक आधी आले त्याने नोंद करायची, बाकीच्यांनी तिच्याखाली ‘आमच्याकडेही आहे’ एवढेच लिहायचे. आपल्याकडे विद्यापीठांसाठी इन्फ्लिबनेटची संयुक्त तालिका आहे, डेलनेट आहे. गावोगावची सार्वजनिक वाचनालये बहुतांशी या व्यवस्थेबाहेरच राहिली.

मराठीत हे काम एका माणसाने जवळजवळ एकहाती करून दाखवले होते. शंकर गणेश दाते यांच्या ‘मराठी ग्रंथसूची’चा पहिला खंड 1943 मध्ये निघाला आणि त्यात 1800 ते 1937 पर्यंतची पुस्तके आली, 1950 पर्यंतचा दुसरा खंड 1961 मध्ये आला. जुन्या मराठी पुस्तकाचा माग काढणारा अभ्यासक आजही आधी ‘दाते सूची’ उघडतो. संस्थांनी करायचे काम व्यक्तीच्या चिकाटीवर सोडून द्यायचे, ही आपली जुनी खोड. (पुढे त्या व्यक्तीचे सत्कार आपण मनापासून करतो, हेही खरे.)

सामायिक तालिकेला विरोध करणारे ग्रंथपाल मागासलेले आहेत, असे समजायचे कारण नाही. त्यांच्या शंका कामातून आलेल्या आहेत. मालतीबाई बेडेकरांचेच पाहा. माहेरच्या त्या बाळूताई खरे. 1933 मध्ये ‘कळ्यांचे निःश्वास’ आले ते ‘विभावरी शिरूरकर’ या नावावर. एका ग्रंथालयात त्या ‘बेडेकर’खाली सापडतील, दुसऱ्यात ‘शिरूरकर’खाली. शिरवाडकरांचे नाटक ‘शि’त आणि कविता ‘कु’त. दोन्ही रीतींना तालिकाशास्त्रात आधार आहे. काही संहिता सगळे लेखन एकाच नावाखाली आणा म्हणतात, काही टोपणनावाला स्वतंत्र ओळख देतात. नोंदी एकत्र ओतल्या आणि नावे जुळवली नाहीत, तर हाती येईल ती तालिका म्हणजे नुसता ढीग.

आवृत्तीची गोष्ट तर आणखी अवघड. तालिकेच्या नियमाने मजकूर बदलला तर नवी नोंद, नुसते पुनर्मुद्रण असेल तर जुनीच चालते. आपले प्रकाशक मात्र अक्षरही न बदलता ‘आवृत्ती बाविसावी’ छापतात. नियम शब्दशः पाळणारा ग्रंथपाल एकाच कादंबरीच्या बावीस नोंदी करून ठेवील. जुन्या पुस्तकांवर शके असते, त्यात 78 मिळवले की इसवी सन निघतो असे आपण शिकतो. पण शके 1830 मधले पुस्तक माघात छापलेले असेल तर 1908 धरून चालत नाही, ते 1909 चे ठरते. अशी एक चूक एका वाचनालयाच्या खोक्यात राहिली तर तिथेच राहते. सामायिक तालिकेत ती दुसऱ्या दिवशी सगळ्यांची होते.

विषयशीर्षकांचेही तसेच. ‘इल्लीगल एलियन्स’ हे लायब्ररी ऑफ काँग्रेसचे शीर्षक बदलावे, यासाठी डार्टमथच्या विद्यार्थ्यांनी 2014 मध्ये प्रयत्न सुरू केले. 2016 मध्ये बदल जाहीर झाला, त्यात राजकारण शिरले, आणि प्रत्यक्ष बदल 2021 मध्ये झाला. तोवर अनेक ग्रंथालये न पटणारा शब्द वागवत राहिली. जात, पंथ, बोली यांची शीर्षके मराठीसाठी ठरवायची झाली तर वाद इथेही होतील, आणि ते व्हायलाच हवेत.

मालकीचा प्रश्न मला सर्वांत गंभीर वाटतो. ओसीएलसी ही ना-नफा संस्था, नोंदी सभासद ग्रंथालयांच्या श्रमाच्या. तरी 2008 मध्ये तिने नोंदींच्या वापरावर अटी घालणारे धोरण मांडले तेव्हा ग्रंथालयांनीच आक्षेप घेतले आणि ते मागे घ्यावे लागले. 2022 मध्ये क्लॅरिव्हेट कंपनीने नोंदी मोफत वाटून घेण्याची योजना आणली, तर ओसीएलसी कोर्टात गेली. तडजोड झाली आणि ती योजना बंद पडली. दोन्ही बाजूंना आपापले मुद्दे होते. सामायिक तालिका चालवायला पैसा लागतो आणि तो कुठून तरी उभा करावाच लागतो, हा ओसीएलसीचा मुद्दाही खोटा नव्हे.

तरीही पारडे एकत्र येण्याच्याच बाजूने झुकते. मात्र सुरुवात भव्य पोर्टलने करू नये. सॉफ्टवेअरची अडचण नाही. कोहा फुकट आहे, ई-ग्रंथालय सरकारचेच आहे. आधी हवी ती लेखकनामांची प्रमाणित यादी: प्रत्येक लेखकाचे एक मुख्य नाव, त्याखाली टोपणनावे, माहेरची-सासरची नावे, आद्याक्षरांचे प्रकार. मुंबई आणि ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयांसारख्या जुन्या संस्थांनी आणि विद्यापीठांच्या ग्रंथालयांनी ती करावी. शासनमान्य ग्रंथांच्या यादीवरच्या नव्या पुस्तकांची नोंद एकदाच, मध्यवर्ती व्हावी. अर्धवेळ, तुटपुंज्या मानधनावर वाचनालय सांभाळणाऱ्याने त्या नोंदीला आपला दाखल क्रमांक जोडावा, बस्स. तालुक्यातल्या कवीचा संग्रह, देणगीत आलेले सही असलेले पुस्तक, बांधून ठेवलेले दिवाळी अंक यांची नोंद त्यानेच करावी; कारण ती वरून कोणी करणार नाही, आणि चूक दिसली तर दुरुस्ती सुचवण्याचा हक्कही त्याला हवा. नोंदी कोणालाही उतरवून घेता येतील, कोणत्याही कंत्राटदाराची त्यांवर मालकी राहणार नाही, हे कलम पहिली नोंद होण्याआधी करारात लिहिलेले असावे. ग्रंथालय संचालनालयाला त्यासाठी नव्या कायद्याची वाट पाहावी लागणार नाही. निविदेच्या मसुद्यात ते घातले तरी पुरे.