‘मुस्तफा’ विकत मिळत नाही, मग एम्युलेटरवर खेळलं तर ती चोरी का?

२०२४ हे वर्ष एम्युलेटरवाल्यांसाठी विचित्र गेलं. २६ फेब्रुवारीला निन्टेन्डोने अमेरिकेत ‘युझु’वर केस टाकली. युझु म्हणजे निन्टेन्डो स्विचचे गेम कॉम्प्युटरवर चालवणारा एम्युलेटर. आठवड्याभरात युझुवाल्यांनी २४ लाख डॉलर, म्हणजे तेव्हाच्या दराने साधारण २० कोटी रुपये, द्यायचं कबूल केलं आणि काम बंद केलं. त्यांचाच ‘सिट्रा’ हा एम्युलेटरही सोबत गेला. ऑक्टोबरमध्ये निन्टेन्डोने ‘रियुजिंक्स’च्या डेव्हलपरला गाठलं आणि तोही बंद झाला. पण मधल्या एप्रिलमध्ये अ‍ॅपलने उलटं केलं. इतकी वर्षं अडवलेले जुन्या गेमचे एम्युलेटर अ‍ॅप स्टोअरवर येऊ दिले. ‘डेल्टा’ आला आणि थेट अमेरिकेतल्या फ्री अ‍ॅप्सच्या यादीत पहिल्या नंबरवर गेला.

एक कंपनी कोर्टात खेचते, दुसरी स्वतःच्या दुकानात जागा देते. मग मी राहतो त्या बीड जिल्ह्यातल्या पोरांनी काय समजायचं? परळी असो की गेवराई, जुना लॅपटॉप हाताला लागला की पहिला प्रश्न येतो, ‘यावर पीएस२ चालेल का?’ आणि दुसरा, जरा हळू आवाजात, ‘हे लीगल आहे ना?’

माझं उत्तर थोडक्यात असं आहे. एम्युलेटर लीगल आहे. तुमच्याकडे गेम कुठून आला, त्यावर बाकी सगळं ठरतं. आणि जो गेम कुणी विकतच नाही, त्याच्यासाठी कायद्यात रस्ताच नाहीये. खरी अडचण तिथे आहे.

एम्युलेटर नेमकं करतो काय?

प्रत्येक कन्सोलच्या प्रोसेसरची भाषा वेगळी असते. पीएस२ मध्ये ‘इमोशन इंजिन’ नावाचा प्रोसेसर होता. गेम त्याच्या भाषेत लिहिलेला असतो आणि तुमच्या लॅपटॉपमधल्या इंटेल किंवा एएमडीला ती भाषा कळत नाही. एम्युलेटर मधे बसून दुभाष्याचं काम करतो.

बरेच जण विचारतात, पीएस२ चा प्रोसेसर फक्त २९४ मेगाहर्ट्झचा होता, मग माझा दोन-अडीच गिगाहर्ट्झचा लॅपटॉप का अडखळतो? कारण एम्युलेटरला एका प्रोसेसरची भाषा बदलून भागत नाही. ग्राफिक्सची चिप, आवाजाची चिप, मेमरी कार्ड, डिस्क ड्राइव्ह या सगळ्यांची नक्कल एकाच वेळी आणि एकमेकांशी टायमिंग जुळवून करावी लागते. म्हणून मूळ मशीनपेक्षा कितीतरी पट ताकद लागते.

इथे तीन गोष्टी वेगळ्या ओळखा:

- एम्युलेटर: दुभाष्याचं सॉफ्टवेअर. ते बनवणाऱ्यांनी स्वतः लिहिलेलं असतं.
- बायोस: कन्सोल सुरू करणारा छोटा प्रोग्राम. त्याचे हक्क कन्सोल बनवणाऱ्या कंपनीकडे असतात.
- गेमची फाईल: कार्ट्रिजमधून काढली तर रॉम, डिस्कवरून काढली तर आयएसओ. तिचे हक्क गेमच्या कंपनीकडे.

लोक या तिन्ही गोष्टींना ‘एम्युलेटर’ म्हणतात आणि गोंधळ तिथूनच सुरू होतो.

मग युझु का अडकला?

कन्सोलची नक्कल करणं हाच गुन्हा असता, तर हे प्रकरण पंचवीस वर्षांपूर्वीच संपलं असतं. कनेक्टिक्स नावाच्या कंपनीने पहिल्या प्लेस्टेशनचे गेम मॅकवर चालवणारं सॉफ्टवेअर विकायला काढलं होतं. सोनी कोर्टात गेली. २००० साली अमेरिकेच्या अपील कोर्टाने कनेक्टिक्सच्या बाजूने निकाल दिला. सुसंगत सॉफ्टवेअर बनवण्यासाठी मूळ मशीनचा अभ्यास करणं चालतं, असा त्याचा सारांश.

युझुची गोष्ट वेगळी होती. स्विच हा बाजारात चालू असलेला कन्सोल, आणि त्याचे गेम कुलूपबंद असतात. ते कुलूप कॉपी केलेल्या किल्ल्यांनी उघडूनच युझुवर गेम चालायचा. वर निन्टेन्डोचा आरोप असा, की ‘टियर्स ऑफ द किंगडम’ हा झेल्डाचा गेम मे २०२३ मध्ये बाजारात यायच्या आधीच दहा लाखांहून जास्त वेळा फुकट डाउनलोड झाला. त्याच काळात युझुला मिळणारी वर्गणी वाढली, हेही त्यांनी मांडलं. प्रकरण तडजोडीत मिटलं. त्यामुळे ‘एम्युलेटर बेकायदेशीर’ असा निकाल कोर्टाने दिलाय असं कुणी सांगत असेल तर ते खरं नाही.

आपल्याकडचा कायदा काय म्हणतो?

आपल्याकडे १९५७ चा कॉपीराइट कायदा लागतो. त्याच्या कलम ५२ मध्ये काही सवलती आहेत. कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रोग्रामच्या कॉपीवरून स्वतःच्या, बिनव्यापारी वापरासाठी कॉपी करता येते. प्रोग्राम कसा चालतो याचा अभ्यासही करता येतो. मी याचा अर्थ असा घेतो: कपाटातली तुमची ओरिजनल डिस्क घेतली, तिची आयएसओ बनवली आणि तुमच्याच लॅपटॉपवर खेळलात, तर तुमची बाजू भक्कम आहे.

नेटवरून आयएसओ उतरवली तर ही सवलत लागू होत नाही, कारण ती कॉपी तुमच्या डिस्कवरून आलेली नाही. ‘डाउनलोड करून चोवीस तासांत डिलीट केलं तर चालतं’ हे वाक्य यूट्यूबवर सर्रास ऐकू येतं. आपल्या कायद्यात असं कुठेही नाहीये. उलट कलम ६३ब मध्ये माहीत असूनही चोरीचा प्रोग्राम वापरला तर किमान सात दिवसांची कैद आणि पन्नास हजार ते दोन लाखांचा दंड लिहिलाय. व्यापारासाठी वापर नसेल तर कोर्ट कैद माफ करून पन्नास हजारांपर्यंत दंडावर सोडू शकतं, एवढीच सूट.

आणखी एक शंका नेहमी येते. ऑगस्ट २०२५ मध्ये आलेल्या ऑनलाइन गेमिंगच्या कायद्याने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर बंदी घातली. लॅपटॉपवर ऑफलाइन चालणाऱ्या जुन्या गेमशी त्याचा काही संबंध नाही.

आता मुस्तफाचं काय करायचं?

एसटी स्टँडजवळच्या पार्लरमध्ये किंवा जत्रेत एक रुपयाचं कॉइन टाकून खेळलेला ‘मुस्तफा’ घरातल्या मोठ्या भावाला किंवा काकाला विचारा. पिवळी टोपी, उडी मारून लाथ, आणि मधेच येणारे डायनोसॉर. त्याचं खरं नाव ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’. जपानच्या कॅपकॉमने तो १९९३ साली काढला. मुस्तफा हे त्यातल्या चार खेळाडूंपैकी एकाचं नाव. आपल्याकडे अख्खा गेमच त्याच्या नावाने ओळखला गेला.

हा पार्लरमधला गेम घरच्या कुठल्याच कन्सोलवर अधिकृतपणे आला नाही. तो मार्क शुल्झच्या ‘झेनोझोइक टेल्स’ या कॉमिकवर बेतलेला आहे आणि नावात एका मोटार कंपनीचा ब्रँड आहे. म्हणजे पुन्हा विकायचा तर कॅपकॉम एकटी ठरवू शकत नाही. २०१८ मध्ये कॅपकॉमने आपले अशाच मारामारीचे सात जुने गेम एकत्र करून विकले. त्यात मुस्तफा नव्हता.

पार्लर गेले, मशीनही गेल्या. कॅपकॉमच्या त्या काळातल्या काही बोर्डांवर बॅटरी असायची आणि ती संपली की बोर्डच निकामी व्हायचा. आज हा गेम जिवंत आहे तो ‘मेम’सारख्या एम्युलेटरमुळे. १९९७ साली सुरू झालेल्या मेमचा जाहीर उद्देशच जुन्या मशीन जतन करणं हा आहे. पण आपल्याकडे कॉपीराइट किमान ६० वर्षं चालतो. म्हणजे २०५३ च्या आत मुस्तफा मोकळा होत नाही. पैसे द्यायला तयार असलेल्या माणसालासुद्धा आज कायदेशीर रस्ता नाही.

आपले स्वतःचे गेमही त्याच रांगेत

मुस्तफा निदान जगभर गाजला, त्याच्या कॉप्या कुठेतरी राहतील. भारतात बनलेल्या पीएस२ गेमचं तसं नाही. २००९ साली हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजने ‘हनुमान: बॉय वॉरियर’ काढला. भारतात बनलेला पीएस२ चा पहिला गेम म्हणून तो गाजवला गेला. त्याच वर्षी हैदराबादच्याच गेमशास्त्रने ‘देसी अड्डा’ आणला. त्यात कबड्डी होती, विटीदांडू होता, पतंग होते. मुंबईच्या ट्राइन गेम्सने ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ केला. गेम म्हणून ते फार भारी होते असं मी म्हणणार नाही. पण सोनीच्या कन्सोलवर विटीदांडू खेळायला मिळणं ही आपल्या गेमिंगच्या इतिहासातली नोंद आहे.

पीएस२ चं उत्पादन २०१३ च्या सुरुवातीला थांबलं. हे गेम डिस्कवर आले, आणि डिस्क ओरखड्यांनी आणि दमटपणाने खराब होते. काही वर्षांनी ते बघायचे असतील, तर कुणीतरी जपलेली आयएसओ आणि एम्युलेटर एवढाच आधार उरेल.

अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये पाहणी केली. त्यात तिथे निघालेल्या २०१० पूर्वीच्या गेमपैकी ८७ टक्के आज विकत मिळत नाहीत असं दिसलं. लायब्ररीला असे गेम अभ्यासकांना घरबसल्या दाखवू द्या, ही मागणी तिथल्या कॉपीराइट ऑफिसने ऑक्टोबर २०२४ मध्ये फेटाळली.

आपल्या कायद्यात तर गंमतच आहे. एखादं पुस्तक भारतात विकत मिळत नसेल, तर बिनव्यापारी सार्वजनिक ग्रंथालय स्वतःसाठी त्याच्या तीन कॉप्या करू शकतं. अंबाजोगाईच्या वाचनालयालाही हा अधिकार आहे. यात पुस्तक, नकाशा, संगीताची पत्रकं येतात, गेम येत नाही. जतनासाठी इलेक्ट्रॉनिक कॉपी ठेवायची दुसरी सवलत आहे, पण तिच्यासाठी ग्रंथालयाकडे आधी ‘नॉन-डिजिटल’ कॉपी असावी लागते. गेमची डिस्क मुळातच डिजिटल! ‘बाजारात नसलेल्या सॉफ्टवेअरचं जतन’ एवढी ओळ या कलमात आली, तरी बरंच काही वाचेल.

लॅपटॉपवर लावायचं कसं?

- पीएसपीपासून सुरुवात करा. ‘पीपीएसएसपीपी’ला बायोस लागत नाही. साध्या लॅपटॉपवर आणि फोनवरही चालतो. त्यातच हौशी डेव्हलपरनी बनवलेल्या फुकट, कायदेशीर गेमचं छोटं स्टोअर आहे. आधी तिथले गेम चालवून बघा.
- पीएस२ साठी ‘पीसीएसएक्स२’. ६४ बिट विंडोज, ८ जीबी रॅम आणि बऱ्यापैकी ग्राफिक्स हवं. बायोस स्वतःच्या पीएस२ मधूनच काढायचा.
- डिस्कची आयएसओ: पीएस२ ची डीव्हीडी कॉम्प्युटरच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचता येते. लॅपटॉपला ड्राइव्ह नसेल तर यूएसबीचा बाहेरून लावा.
- गेम अडखळतोय? रिझोल्यूशन ‘नेटिव्ह’वर आणा आणि लॅपटॉप चार्जरला लावून खेळा. बॅटरीवर प्रोसेसर वेग कमी करतो.
- सेव्ह करताना: फक्त ‘सेव्ह स्टेट’वर विसंबू नका. एम्युलेटरचं व्हर्जन बदललं की ती फाईल उघडेलच असं नाही. गेमच्या आत जाऊन मेमरी कार्डवर सेव्ह करा आणि ती फाईल पेनड्राइव्हवर ठेवा. लाइट गेली तरी चिंता नाही.

फुकटच्या पॅकपासून लांब राहा

पूर्वी मोबाइलच्या दुकानात ‘गाणी भरून मिळतील’ अशी पाटी असायची. आता तेच काम टेलिग्रामवर चालतं, ‘५००० गेम एका झिपमध्ये’. गेमची फाईल आयएसओ किंवा सीएचडी असते. आतून ईएक्सई निघाली, किंवा ‘अँटिव्हायरस बंद करा’ असं लिहिलेलं दिसलं, तर ती उघडूच नका. ज्या फोनवर यूपीआय आहे, त्यावर अनोळखी एपीके टाकणं म्हणजे पासबुक दुसऱ्याच्या हातात देणं.

अँड्रॉइडवरच्या ‘एथरएसएक्स२’चं उदाहरण लक्षात ठेवा. लोकांच्या तक्रारी आणि जिवे मारायच्या धमक्यांना कंटाळून त्याच्या डेव्हलपरने जानेवारी २०२३ मध्ये काम थांबवलं. तेव्हापासून त्या नावाच्या कितीतरी फाईली फिरतायत, आणि त्यातल्या कुठल्या चांगल्या हे नुसतं नाव बघून कळत नाही. एम्युलेटर घ्यायचा तो त्याच्या अधिकृत साइटवरून किंवा प्ले स्टोअरवरून. दुसऱ्याने ‘भरून’ दिलेला नको.

आणि एक काम या आठवड्यात करा. घरात, मामाकडे, जुन्या सीडीच्या दुकानात पीएस२ च्या डिस्क पडल्या असतील तर बघा. त्यात ‘देसी अड्डा’ किंवा ‘हनुमान’ निघाला, तर भंगारात जाऊ देऊ नका. डिस्क पुसून तिची आयएसओ बनवा आणि मूळ डिस्कही जपून ठेवा. उद्या कायदा बदलला, तरी जतन करायला आधी डिस्क शिल्लक असायला हवी.