वैमानिकाची लेखणी

मागच्या महिन्यात रोह्याच्या शाळेत वाचनाच्या तासाला नववीतल्या एका मुलाने आम्हाला विचारले, "सर, या थरारक कादंबऱ्यांत बॉम्ब ठेवणाऱ्याचे नाव नेहमी आपल्यातलेच का असते?" वर्ग हसला. आम्हाला हसू आले नाही. तेवढ्यात घंटा झाली आणि उत्तर राहून गेले. संध्याकाळी पेणला परतताना निडी, नागोठणे, कासू ही स्टेशने मागे पडली, पण प्रश्न काही मागे पडेना.

मुलाच्या हातात एका इंग्रजी कादंबरीचा मराठी अनुवाद होता. त्यावरून आम्हाला या प्रकारातले उस्ताद फ्रेडरिक फोर्साइथ आठवले. 9 जून 2025 रोजी, वयाच्या 86 व्या वर्षी ते वारले. लेखक होण्याआधी ते ब्रिटिश हवाई दलात वैमानिक होते. विशीच्या आतच ते 'व्हॅम्पायर' हे जेट विमान उडवू लागले होते. पुढे वर्दी उतरवून त्यांनी वार्ताहराची नोकरी धरली. रॉयटर्स या वृत्तसंस्थेसाठी ते पॅरिसला होते. तेव्हा फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष द गॉल यांच्या जिवावर अल्जीरियाच्या प्रश्नावरून चिडलेले लोक उठले होते. फोर्साइथ यांनी ते दिवस जवळून पाहिले. नंतर बीबीसीतर्फे ते नायजेरियातल्या बियाफ्राच्या युद्धावर गेले. वरिष्ठांशी पटेना म्हणून नोकरी सोडून ते पुन्हा तिथेच परतले आणि उपासमारीने मरणारी मुले जगाला दाखवत राहिले.

1970 च्या सुरुवातीला ते मायदेशी आले तेव्हा वय 31, हाती काम नाही, खिशात पैसा नाही, राहायला स्वतःचे घर नाही. त्यांनी टाइपरायटर पुढे ओढला आणि 35 दिवसांत 'द डे ऑफ द जॅकल' लिहून काढली. प्रकाशकांनी ती परत पाठवली. द गॉल यांची हत्या झालेली नाही हे साऱ्या जगाला ठाऊक आहे, मग वाचक श्वास कशाला रोखून धरेल, असा त्यांचा सवाल होता. 1971 मध्ये कादंबरी निघाली आणि वाचकांनी श्वास रोखूनच वाचली. शेवट माहीत असूनही 'कसे' हे जाणून घ्यायची ओढ सुटत नाही. मेलेल्या मुलाच्या जन्मदाखल्यावर खोटा पासपोर्ट कसा मिळवतात, हे त्यांनी इतके नेमके लिहिले की त्या लबाडीला पुढे या कादंबरीचेच नाव चिकटले.

1975 ची 'द शेफर्ड' ही त्यांची छोटी कथा आम्हाला अधिक आवडते. 1957 च्या नाताळच्या आदल्या रात्री एक तरुण वैमानिक व्हॅम्पायर घेऊन घरी निघाला आहे. वाटेत यंत्रे बंद पडतात, खाली धुके, इंधन संपत आलेले. ती भीती कॉकपिटमध्ये बसलेल्या माणसालाच लिहिता येते.

मुलाच्या प्रश्नाचे उत्तर आम्हाला इथे सापडले. माणूस जे जग पाहतो ते आतून लिहितो, बाकीचे बाहेरून. 2006 मध्ये फोर्साइथ यांनी 'द अफगाण' लिहिली. तीत एक ब्रिटिश कर्नल अफगाण कैद्याचे सोंग घेऊन अल कायदात शिरतो. अभ्यास भरपूर, तरी नजर पाहुण्याचीच. पाहुण्याला दोष देऊन काय उपयोग? घरच्यांनी काय लिहिले, हे आधी विचारावे.

घरच्यांनी लिहिले नाही असेही नाही. आमच्या अब्बांच्या ट्रंकेत इब्ने सफी यांच्या 'जासूसी दुनिया'चे अंक असत. अश्लीलतेशिवाय उर्दूत काही खपत नाही, असे म्हणणाऱ्यांना त्यांनी 1952 पासून स्वच्छ जासूसी कथा लिहून जवाब दिला. सबंध घर ते अंक वाचत असे. ती ट्रंक आज आपल्या किती घरांत आहे?

पुढच्या तासाला आम्ही मुलांना सांगितले, तुमच्या घरातली एक खरी घटना एक पानभर लिहून आणा. मात्र जे ठाऊक नाही ते कोणाला तरी विचारून या. त्या मुलाने मामूंची हकीकत आणली. मामू जहाजावर होते. भर समुद्रात रात्री इंजिन बंद पडले ते कसे सुरू केले, हे त्याने दोन संध्याकाळी मामूंजवळ बसून विचारून घेतले होते. पानात शुद्धलेखनाच्या अकरा चुका होत्या. पण तो वाचत असताना वर्गात कोणी हसले नाही.

कोकणातल्या आपल्या घरोघरी असे मामू, चाचा, खालू आहेत. कोणी जहाजावर जन्म काढला, कोणी आखातातल्या एका खोलीत आठ जणांबरोबर. त्यांच्या हकीकती त्यांच्याबरोबरच कब्रस्तानात जातात. ज्या दीनच्या पहिल्या आयती वाचायला सांगतात आणि लेखणीची आठवण देतात, त्याच्या मानणाऱ्यांनी एवढी गफलत करू नये. या महिन्यात मुलांना मोबाइलचे रिचार्ज द्याल तेव्हा सोबत एक दोनशे पानी वही द्या. आणि संध्याकाळी त्यांना मामूंजवळ बसू द्या.