मोबदल्याच्या रकान्यात न बसलेली चिंच



मुलीबरोबर एका प्रदर्शनात दिल्लीचे कलाकार अमर कंवर यांची ‘द सीन ऑफ क्राइम’ ही २०११ची फिल्म पाहिली. ओडिशातल्या ज्या जमिनी उद्योगांसाठी घेतल्या जाणार होत्या, त्यांचं हे चित्रण. गवत हलतं, पाणी वाहतं, एवढंच. बेचाळीस मिनिटं! आधी चुळबुळ झाली, सामायिकाला बसल्यावर होते तशी. मग नजर ठरली.

माहेरचं शेत रस्त्यात गेलं तेव्हा मोबदल्याची बेरीज मीच तपासली होती. बी.कॉम. ना मी! रुपयाही चुकला नाही. पण बांधावरची चिंच कुठल्या रकान्यात लिहिणार? तिचा साधा फोटोही आमच्याकडे नाही.

‘अशा फिल्मनं जमीन वाचते का?’ मुलीनं विचारलं. नाही वाचत. पण काय गेलं, याची नोंद राहते. नोंदच नसेल, तर नुकसान झालं हे नातवंडं कशाला मानतील?

तेव्हा पुढच्या खेपेला माहेरी जाल, तर सेल्फी पुरे. दहा मिनिटं मोबाइल एका जागी ठेवा, बोलू नका. अंगण दिसू दे.