किती दिवसांत बरं होईल?

आयबीएस असलेल्या माणसाला सगळ्यात जास्त वेळा विचारला जाणारा प्रश्न हाच. माझ्या मते प्रश्नच चुकीचा आहे, आणि त्याच्या जिवावर कितीतरी लोकांची दुकानं चाललीत. म्हणून हा लेखनप्रपंच.

आमच्या थेरगावात रिक्षाच्या पाठीवर, विजेच्या खांबावर एकच मजकूर... 'पोटाचे जुनाट विकार 21 दिवसांत मुळासकट!' आता गंमत बघा. आयबीएस म्हणायचं कधी, याचे 'रोम 4' नावाचे निकष आहेत, 2016 सालचे. त्रास सुरू होऊन सहा महिने झालेले हवेत, आणि शेवटचे तीन महिने आठवड्यातून सरासरी एकदा तरी पोट दुखायला हवं, तेही शौचाशी संबंध असलेलं. म्हणजे ज्या आजाराचं बारसंच सहा महिन्यांनी होतं, तो 21 दिवसांत मुळासकट?

हा त्रास येतो-जातो. चार दिवस मुरडा, मग महिनाभर शांत, मग पुन्हा. असं वर्षानुवर्षं. काहींचा ओसरतो, काहींचा राहतो. शांत महिन्याचं श्रेय मात्र तेव्हा जो चूर्ण विकत असेल तो घेतो. माझं हे नऊ वर्षं चाललंय, त्यात असे पाच श्रेयवाले होऊन गेले.

कॅनडातल्या वॉकर्टन गावात मे 2000 मध्ये पिण्याचं पाणी दूषित होऊन दोन हजारांवर लोक आजारी पडले. त्यानंतर अनेकांना आयबीएस जडला. आठ वर्षांनी हे प्रमाण जवळपास निम्म्यावर आलं, पण संपलं नाही. त्या पाण्यात कॅम्पिलोबॅक्टर हाही जंतू होता. जानेवारी 2025 मध्ये पुण्यात सिंहगड रस्त्याकडे जीबीएसची साथ आली, तेव्हा वर्तमानपत्रांतून आपल्याला माहीत झाला, तोच. जीबीएसची बातमी झाली. अशा जुलाबानंतर वर्षानुवर्षं रेंगाळणाऱ्या पोटाची कधी होत नाही.

आणि कंपनीत? रजेच्या अर्जावर 'कधीपासून – कधीपर्यंत' असे दोनच रकाने. पहिल्या पाळीच्या बसमध्ये चाकणपर्यंत पोट धरून बसणाऱ्याने 'कधीपर्यंत'मध्ये काय लिहायचं? तारीख देता आली नाही की माणूस 'नाटकी' ठरतो.

मामा, आत्या, तुम्ही वाचताय हे मला माहीत आहे :) या आजाराने आयुष्य कमी होत नाही, याचा कॅन्सरही होत नाही. आहार, औषधं, झोप सांभाळली की बऱ्याच जणांना आराम पडतो. पण शौचातून रक्त, आपोआप घटणारं वजन, झोपेतून उठवणारे जुलाब, किंवा पन्नाशीनंतर पहिल्यांदाच सुरू झालेला त्रास, यातलं काही असेल तर 'आयबीएसच असेल' म्हणून घरी बसू नका. आणि 21 दिवस चूर्ण खात तर मुळीच बसू नका. तडक डॉक्टरांकडे जा.

बाकीच्यांना 'किती दिवस?' विचारणं सोडा. 'आज कसं आहे?' एवढं पुरे. त्याचं उत्तर आम्हाला देता येतं.