कर्जाची खरी किंमत सहीच्या आधी सांगा : गृहकर्जदारांचे मागणीपत्र

प्रति,
मा. गव्हर्नर, भारतीय रिझर्व्ह बँक, मुंबई
मा. निमंत्रक, राज्यस्तरीय बँकर्स समिती, महाराष्ट्र, पुणे

विषय : गृहकर्जाची संपूर्ण मुदतीची किंमत कर्जदाराला रुपयांत, मराठीत आणि वेळेवर कळावी याबाबत.

महोदय,

आम्ही पुणे आणि पिंपरी-चिंचवड परिसरातले गृहकर्जदार. आमच्यात शिक्षक आहेत, परिचारिका आहेत, एमआयडीसीतले कामगार आहेत, दुकानदार आहेत. सुरुवातीलाच सांगतो, आम्हाला कर्जमाफी नको आहे आणि व्याजमाफीही नको आहे. घेतलेले पैसे आणि ठरलेले व्याज आम्ही फेडतो आहोत, पुढेही फेडू. पण फ्लॅट घेताना चौरस फुटाच्या भावावरून, पार्किंगवरून, अगदी सोसायटीच्या आगाऊ देखभाल खर्चावरूनही घासाघीस करणारा माणूस त्याच फ्लॅटच्या कर्जावर सही करतो, तेव्हा त्या कर्जाची किंमत त्याला माहीत नसते. त्याला फक्त हप्ता माहीत असतो. या मागणीपत्राचे मूळ तिथे आहे.

४० लाखांचे कर्ज, २० वर्षे मुदत, साडेआठ टक्के व्याज, हे आमच्याकडचे अगदी नेहमीचे उदाहरण. हप्ता येतो सुमारे ३४,७१३ रुपये. पहिल्या हप्त्यातले २८,३३३ रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटते ६,३८० रुपयांचे. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता भरल्यावर खिशातून गेलेले असतात जवळपास २० लाख ८३ हजार. त्यातून मुद्दल कमी झालेले असते फक्त पावणेपाच लाखांनी. वीस वर्षांची बेरीज होते ८३ लाख ३१ हजार. म्हणजे घराच्या कर्जाएवढेच आणखी एक कर्ज, वर तीन लाख. व्याजाचे हे गणित बँकेने कुठे लपवलेले नाही आणि आम्हाला ते अन्यायाचेही वाटत नाही. शिल्लक मुद्दलावर व्याज लागणारच. पण ही बेरीज दर कायम राहिला तरची आहे. तो कायम राहत नाही, आणि आमच्या तक्रारीचा सर्वांत मोठा भाग याच ठिकाणी सुरू होतो.

रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते, तो रेपो दर मे २०२० ते मे २०२२ या काळात ४ टक्के होता. त्या दोन वर्षांत पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळत होते आणि आमच्यातल्या अनेकांनी त्याच भरवशावर घर घेतले. मे २०२२ पासून दर चढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० टक्क्यांवर पोहोचला. अडीच टक्के वाढ. बहुतेकांच्या हप्त्यात मात्र एका रुपयाचाही फरक पडला नाही, म्हणून कोणी चौकशीही केली नाही. आमच्या एका शिक्षिका सभासदांनी आयकरासाठी व्याजाचा दाखला काढायला म्हणून स्टेटमेंट मागवले. पानाच्या अगदी तळाशी, बारीक टायपात, शिल्लक हप्त्यांचा रकाना होता. दोन वर्षे हप्ते भरूनही तिथला आकडा कर्ज घेतले त्या दिवशीच्या आकड्यापेक्षा मोठा होता. शाखेत विचारल्यावर उत्तर मिळाले, "मॅडम, तुम्हाला मेसेज गेला असेल."

याचे रुपयांत काय होते ते पाहा. ४० लाख, २० वर्षे, पावणेसात टक्के : हप्ता ३०,४१५ रुपये. दोन वर्षांनी शिल्लक सुमारे ३७ लाख ९७ हजार, उरलेले हप्ते २१६. हिशेब सोपा राहावा म्हणून दर याच टप्प्यावर एकदम सव्वानऊ झाला असे धरू. हप्ता तोच ठेवला तर दरमहा २९,२७० रुपये नुसत्या व्याजाला लागतात, मुद्दलासाठी उरतात जेमतेम अकराशे-साडेअकराशे. दर तिथेच राहिला तर उरलेले हप्ते २१६ चे ४२७ होतात. अठरा वर्षांची साडेपस्तीस वर्षे! पस्तिसाव्या वर्षी कर्ज घेतलेला माणूस बहात्तराव्या वर्षीही हप्ताच भरत असेल. याउलट हप्ता ३६,१५४ रुपये केला असता, म्हणजे दरमहा ५,७३९ रुपये जास्त भरले असते, तर कर्ज ठरल्या वेळी संपले असते. दोन वाटांमधला फरक जवळपास ५२ लाखांचा आहे. घेतलेल्या कर्जापेक्षा तो मोठा आहे.

प्रत्यक्षात बँका मुदत इतकी ताणत नाहीत. निवृत्तीच्या वयापर्यंत नेतात आणि उरलेली वाढ हप्त्यात घालतात. २०२५ मध्ये रेपो टप्प्याटप्प्याने ५.२५ टक्क्यांपर्यंत उतरला, त्यामुळे ताणलेली मुदत काही अंशी परतही आली. हे आम्हाला मान्य आहे. पण बावन्न लाखांचा फरक पाडू शकणारा निर्णय कर्जदाराला न विचारता होतो, हे कोणत्याही हिशेबाने बरोबर ठरत नाही.

बँकांचे म्हणणे आम्ही ऐकले आहे. महागाईच्या दिवसांत हप्ता एकदम पाच-सहा हजारांनी वाढवला तर घरचे गणित कोलमडेल, हप्ते थकतील, म्हणून मुदत वाढवणे कर्जदाराच्याच सोयीचे, असे त्या म्हणतात. काही घरांसाठी हे खरे आहे. ज्या घरात एकच पगार आहे आणि आईवडिलांचे औषधपाणी आहे, ते घर मुदतवाढच निवडेल, आणि त्याने ती जरूर निवडावी. आमचा आग्रह त्या घराला विचारण्याचा आहे.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात याची दखल घेतली, याबद्दल आम्ही मनापासून आभारी आहोत. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, याचा पर्याय कर्जदाराला द्यावा, तसेच वसूल झालेले मुद्दल, व्याज आणि शिल्लक हप्ते दाखवणारे पत्रक दर तिमाहीला द्यावे, असे त्यात सांगितले आहे. नियम चांगला आहे. शाखेच्या काउंटरपर्यंत येताना तो पातळ होतो. पर्याय म्हणजे ॲपमधला एक दुवा, पत्रक म्हणजे पासवर्ड लावलेली एक फाइल, आणि कर्जदाराने काहीच कळवले नाही तर मुदतवाढ त्याला मान्य आहे असे धरले जाते.

म्हणून आमची पहिली आणि सर्वांत महत्त्वाची मागणी : कर्जदाराच्या स्पष्ट संमतीशिवाय मुदत वाढवू नये. दर बदलला की तीस दिवसांच्या आत त्याला एकपानी पत्र मिळावे. त्यात दोन्ही पर्याय शेजारी-शेजारी मांडलेले असावेत : नवा हप्ता किती, शेवटचा हप्ता कोणत्या महिन्यात कोणत्या वर्षी, आणि आजपासून कर्ज फिटेपर्यंत एकूण किती रुपये जाणार. हे तीन आकडे बँकेच्या संगणकात असतातच. उत्तर आले नाही तर शाखेने किमान एकदा फोन करून विचारावे. दर उतरतो तेव्हाही हेच व्हावे; वाढताना ताणलेली मुदत आधी पूर्ववत करायची की हप्ता कमी करायचा, हे कर्जदाराने ठरवावे.

दुसरी मागणी मंजुरीच्या वेळची. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत मुख्य तथ्य विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात सगळे शुल्क धरून निघणारा वार्षिक खर्चाचा दर असतो, हप्त्यांचा तक्ता असतो, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे असेही नियमात म्हटले आहे. पण फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या, कर्जाचा हा सगळा हिशेब पहिल्या दिवशीच्या दरावर बेतलेला असतो आणि तो दर पुढे बदलणार हे देणाऱ्यालाही माहीत असते. त्यामुळे या विवरणपत्राच्या पहिल्याच पानावर तीन ओळी ठळक हव्यात : आजच्या दराने एकूण परतफेड इतके रुपये, दर एक टक्क्याने वाढला तर इतके, दोन टक्क्यांनी वाढला तर इतके. दोन टक्के हा आकडा आम्ही भीती घालायला निवडलेला नाही. २०२२-२३ मध्ये दहा महिन्यांत अडीच टक्के वाढ झाली होती.

हे विवरणपत्र महाराष्ट्रातल्या प्रत्येक शाखेत मागितल्याशिवाय मराठीत मिळावे. आज काय होते ते आम्ही सगळ्यांनी अनुभवले आहे. बँकेचा किंवा एजन्सीचा माणूस घरी येतो, जाडजूड इंग्रजी करारनाम्याचा कोपरा दुमडून धरतो आणि "इथे, इथे आणि इथे" म्हणत सह्या घेतो. बिल्डरच्या पैशांची तारीख डोक्यावर असते. वाचायला वेळ नसतो आणि वाचले तरी कलम कळत नाही. राज्यस्तरीय बँकर्स समितीने मराठीतला एकच नमुना तयार करून सर्व सदस्य बँकांना द्यावा. याला खर्चही फारसा नाही.

या सह्यांमध्येच विमा असतो. कर्ज मंजूर करताना एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी जोडली जाते आणि तिचा हप्ता कर्जातच घातला जातो. कर्ज मंजूर होण्यासाठी विमा सक्तीचा असल्यासारखे बोलले जाते, त्याच कंपनीचा घ्यावा लागतो असेही सांगितले जाते. १ लाख २० हजारांचा विमा हप्ता साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांच्या कर्जात गेला की तो अडीच लाखांना पडतो. कमावत्या माणसाने विमा घ्यावा, हे आम्हीही आमच्या सभासदांना सांगतो. पण त्याची संमती वेगळ्या कागदावर, वेगळ्या दिवशी घ्यावी, आणि कर्जात घातल्यास त्याची अंतिम किंमत रुपयांत लिहावी.

तिसरी मागणी दराच्या पायाबद्दल. १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जे रेपोसारख्या बाह्य निकषाला जोडलेली आहेत. गृहवित्त कंपन्या आणि नागरी सहकारी बँकांना मात्र ही सक्ती नाही. त्या आपला मूळ दर स्वतः ठरवतात. रेपो चढला की तो दर लगेच चढतो आणि उतरला की रेंगाळतो, असा आमच्या सभासदांचा अनुभव आहे. ज्यांचा पगार रोखीत होतो, ज्यांचे घर गुंठेवारीत किंवा जुन्या इमारतीत आहे, त्यांना मोठ्या बँका दारात उभे करत नाहीत. ते गृहवित्त कंपनीकडे जातात आणि ज्याला महाग कर्ज परवडत नाही त्यालाच ते मिळते. बाह्य निकषाचा नियम सर्व गृहकर्ज देणाऱ्यांना लागू करावा.

जोडीला जुन्या ग्राहकाचा प्रश्न. बँक नव्या ग्राहकाला आठ टक्क्यांनी कर्ज देते आणि त्याच बँकेत नियमित हप्ते भरणारा जुना ग्राहक साडेआठवर बसलेला असतो. ४० लाखांवर या अर्ध्या टक्क्याची किंमत महिन्याला सुमारे साडेबाराशे रुपये, वीस वर्षांत तीन लाखांहून अधिक. अर्ज केला, थोडे शुल्क भरले की दर कमीही होतो. म्हणजे कमी करता येत असतो! ज्याला हे ठाऊक नाही, तो आयुष्यभर जास्त भरतो. बेस रेट किंवा एमसीएलआर या बँकांच्या जुन्या अंतर्गत दरांवरच्या कर्जांसह प्रत्येक कर्जदाराला वर्षातून एकदा त्याचा दर आणि त्याच्यासारख्या नव्या ग्राहकाचा दर लेखी कळवावा, आणि बदल विनाशुल्क करून द्यावा.

बांधकाम सुरू असलेल्या घरांबाबत थोडक्यात. ताबा मिळेपर्यंत पूर्ण हप्त्याऐवजी फक्त व्याज भरायची सोय दिली जाते. ३० लाख रुपये बिल्डरकडे गेलेले असतील तर साडेआठ टक्क्यांनी महिना २१,२५० रुपये, आणि ताबा तीन वर्षे लांबला तर साडेसात लाखांहून अधिक. या रकमेतून मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही, आणि घरभाडे सुरूच असते. बांधकामाच्या टप्प्यांनुसारच रक्कम द्यावी असे रिझर्व्ह बँकेने २०१३ मध्येच बजावले आहे. आमची मागणी अशी की प्रत्येक टप्प्याची रक्कम सोडण्याआधी बँकेने महारेरा या राज्याच्या स्थावर संपदा नियामक प्राधिकरणाकडील प्रकल्पाची ताजी नोंद तपासून ती कर्जदाराला दाखवावी.

शेवटची मागणी कर्ज फिटल्यानंतरची. मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत करावीत, नाहीतर उशिराच्या प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी, असा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. ही भरपाई मागणीची वाट न पाहता खात्यात आपोआप जमा व्हावी. वीस वर्षे हप्ते भरून थकलेल्या माणसाला पुन्हा अर्ज करायला लावू नये.

दुसऱ्या मागणीतल्या विवरणपत्राला जोडूनच करसवलतीबद्दल एक खुलासा आवश्यक आहे. अजूनही कर्ज विकताना "दोन लाखांची सूट मिळते, व्याज निम्मेच पडते" असे सांगितले जाते. २०२३-२४ पासून मूळ पर्याय झालेल्या नव्या करप्रणालीत, स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर ती सूट नाही. हे न सांगता कर्ज विकणे म्हणजे दिशाभूल आहे आणि विवरणपत्रात त्याची स्पष्ट ओळ असावी.

या मागण्यांवर साठ दिवसांत लेखी उत्तर मिळावे आणि राज्यस्तरीय बँकर्स समितीच्या पुढच्या बैठकीत आमच्या प्रतिनिधींना बोलावून घ्यावे, ही विनंती. आमच्या सर्व सभासदांना आणि हे वाचणाऱ्या प्रत्येक गृहकर्जदाराला आमचे आवाहन आहे : या आठवड्यात बँकेकडून तिमाही पत्रक मागवा, शिल्लक हप्त्यांचा आकडा पाहा, आणि तो तुमच्या मंजुरीपत्राशी जुळत नसेल तर शाखेला लेखी पत्र देऊन पोच घ्या. तीस दिवसांत उत्तर आले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तक्रार विनामूल्य करता येते.

आपले,
पुणे व पिंपरी-चिंचवड परिसरातील गृहकर्जदार