खेद मिळाला, जमीन नाही

६ जून २०१३ रोजी ब्रिटनचे तत्कालीन परराष्ट्रमंत्री विल्यम हेग हाऊस ऑफ कॉमन्समध्ये उभे राहिले. केनियातील वसाहतकालीन सरकारने कैद्यांचा छळ केला होता, हे त्यांनी मान्य केले आणि ब्रिटिश सरकारला त्याचा मनःपूर्वक खेद वाटतो, असे सांगितले. ५,२२८ वृद्ध केनियन स्त्री-पुरुषांसाठी १ कोटी ९९ लाख पौंडांची तडजोड जाहीर झाली. वकिलांचा खर्च वजा जाता एकेकाच्या वाट्याला जेमतेम अडीच-पावणेतीन हजार पौंड आले. मात्र त्याच निवेदनात एक वाक्य न विसरता घातलेले होते : वसाहतीच्या प्रशासनाने केलेल्या कृत्यांचे कायदेशीर दायित्व ब्रिटिश सरकार आजही स्वीकारत नाही. खेद आहे, पण दायित्व नाही! चोराने पकडला गेल्यावर हळहळ व्यक्त करावी आणि मुद्देमाल मात्र स्वतःकडेच ठेवावा, त्यातलाच हा प्रकार. तरीही ब्रिटिश न्यायबुद्धीचे गोडवे गाणाऱ्यांची वानवा पडली नाही.

हा खेद नेमका कशाबद्दल होता? प्रश्न साधा आहे. पण त्याचे उत्तर देताना लंडन आणि नैरोबी या दोन्ही राजधान्या आजवर सारख्याच अडखळत आल्या आहेत. कारण १९५२ ते १९६० या काळात केनियात जे घडले, त्याचे मूळ छळछावण्यांत नाही, शेतात आहे.

हिंदुस्थानातून नेलेल्या हजारो मजुरांच्या श्रमांवर युगांडा रेल्वे उभी राहिली. रेल्वेचा खर्च भरून निघावा म्हणून वाटेतल्या थंड, सुपीक पठारावर गोरे शेतकरी आणून वसवण्याचे ठरले. १९०२ च्या अध्यादेशाने ती जमीन ब्रिटिश राजमुकुटाची झाली. १९१५ मध्ये तीच जमीन गोऱ्यांना ९९९ वर्षांच्या पट्ट्याने देण्याची सोय झाली. नऊशे नव्याण्णव वर्षे! राज्यकर्ता स्वतःला किती अमर समजत होता, याचे याहून स्पष्ट प्रमाण कोणते हवे? किरिन्यागा पर्वतावर वास करणाऱ्या 'न्गाई' या देवाने ही भूमी आपल्या पूर्वजांना दिली, अशी किकुयू समाजाची श्रद्धा. त्या समाजातील कित्येक कुटुंबे आता आपल्याच प्रदेशात गोऱ्या मालकाच्या शेतावर कुळाहूनही हीन अशा अवस्थेत राहू लागली. पोटापुरता तुकडा कसायचा आणि त्या बदल्यात वर्षाचे किमान १८० दिवस मालकाकडे राबायचे, असा १९१८ चा कायदा होता. पुढे हे दिवस वाढतच गेले. आफ्रिकी पुरुषाने गळ्यात धातूच्या डबीत ओळखपत्र बाळगायचे. त्याला 'किपांडे' म्हणत. गुराच्या गळ्यातही घंटा असते, ती निदान वाजते तरी! कॉफीचे पीक गोऱ्यांच्या हाती राहावे म्हणून आफ्रिकी शेतकऱ्याला ते लावण्याचीही दीर्घकाळ मुभा नव्हती.

दुसऱ्या महायुद्धात हेच शेतकरी गणवेश चढवून साम्राज्यासाठी लढले. पुढे 'जनरल चायना' या नावाने प्रसिद्ध झालेला वारुहिउ इतोते ब्रह्मदेशाच्या आघाडीवर होता. युद्ध संपले तेव्हा गोऱ्या सैनिकांना केनियाच्या पठारावर शेते देण्याची योजना निघाली. काळ्या सैनिकाला काय मिळाले? त्याच्या भाऊबंदांना त्याच शेतांवरून हुसकावण्याच्या नोटिसा.

संस्कृतीचाही घाव होताच. १९२९ मध्ये मिशनऱ्यांनी मुलींच्या सुंतेची प्रथा सोडल्याची प्रतिज्ञा करण्याची सक्ती आपल्या अनुयायांवर केली. ती प्रथा क्रूर होती. तिचे समर्थन कोणीही विवेकी मनुष्य करणार नाही. परंतु सुधारणेचा निर्णय समाजाने आतून घ्यायचा की शाळेचा दरवाजा बंद करण्याची धमकी देऊन त्याच्याकडून घ्यायचा, हा प्रश्न उरतोच. हजारो किकुयूंनी मिशन सोडले आणि स्वतःच्या वर्गणीतून स्वतःच्या शाळा काढल्या. आणीबाणी येताच सरकारने आधी त्या शाळांना टाळे ठोकले. शाळा कोणाला बोचतात, हे त्यावरून उमगावे.

या लढ्याचे नावही शत्रूनेच रूढ केले. 'माऊ माऊ' या शब्दाचा उगम आजही निश्चित नाही. लढणारे स्वतःला 'भूमी आणि स्वातंत्र्य सेना' म्हणवत. त्यांच्या मंत्रातले दोन्ही शब्द, 'इथाका' आणि 'वियाथी', कोणत्याही शेतकऱ्याला कळतील असे होते : जमीन आणि स्वाधीनता. इंग्रजांनी ते शब्द पुसले आणि एक अर्थहीन, भीतिदायक ध्वनी जगाच्या कानी घातला. 'बंड' आणि 'समर' या दोन शब्दांतले अंतर ज्यांना ठाऊक आहे, त्या मराठी वाचकांना ही युक्ती उलगडून सांगण्याची गरज नाही. जे. सी. कॅरोदर्स नावाच्या मानसोपचारतज्ज्ञाने तर १९५४ मध्ये या उठावाची 'मानसिक' मीमांसा करून दिली. म्हणजे जमीन गेल्याचे दुःख हा आजार ठरला आणि जमीन घेणारा वैद्य!

२० ऑक्टोबर १९५२ रोजी गव्हर्नर एव्हलिन बेअरिंग यांनी आणीबाणी पुकारली. जोमो केन्याटा आणि त्यांच्या सहकाऱ्यांना पकडून कापेंगुरिया या दूरच्या गावी खटला भरण्यात आला. गंमत अशी की, त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये केन्याटांनी जाहीर सभेत माऊ माऊचा निषेध केला होता. तरीही सात वर्षांच्या सक्तमजुरीची शिक्षा झाली. न्यायाधीश थॅकर यांना सरकारकडून वीस हजार पौंड मिळाले होते आणि मुख्य साक्षीदाराने १९५८ मध्ये आपली साक्ष विकत घेतलेली होती, असे स्वतःच उघड केले. या खटल्यात बचावासाठी भारतातून दिवाण चमनलाल गेले होते. मूळचे गोमंतकीय फिट्झ डिसोझा बचावाच्या वकिलांत होते. औंधच्या राजघराण्यातील आप्पासाहेब पंत तेव्हा नैरोबीत भारताचे आयुक्त होते. आफ्रिकी नेत्यांसाठी त्यांचे घर खुले असे, आफ्रिकी विद्यार्थ्यांना भारतात शिकण्यासाठी शिष्यवृत्त्या मिळाव्यात म्हणून ते झटले. गोऱ्या वसाहतवाल्यांना ते इतके खुपू लागले की त्यांच्या विरोधात थेट दिल्लीपर्यंत तक्रारी गेल्या. मात्र याच वेळी केनियातील सर्व भारतीय असे नव्हते, हेही प्रामाणिकपणे लिहिले पाहिजे. दुकान सांभाळून सरकारशी जुळवून घेणारेही पुष्कळ होते.

त्यानंतरची सात वर्षे आकड्यांतून पाहावी. १,०९० जणांना फाशी देण्यात आली. त्यांतील निम्म्याहूनही कमी जणांवर खुनाचा आरोप सिद्ध झाला होता. शस्त्र वा काडतूस बाळगणे, एवढेच नव्हे तर शपथ देणे, हाही फाशीचा गुन्हा झाला. दहा लाखांहून अधिक माणसे आपल्या वस्त्यांतून उठवून तारेच्या कुंपणातील सुमारे ८०० गावांत कोंबण्यात आली. छावण्यांतील स्थानबद्धांचा सरकारी आकडा ८० हजारांच्या घरातला. हार्वर्डच्या कॅरोलाइन एल्किन्स यांच्या मते तो त्याच्या किमान दुप्पट. मृतांच्या संख्येबाबत एल्किन्स यांनी जी कमाल मर्यादा मांडली, ती अन्य अभ्यासकांनी फुगवलेली ठरवली. लोकसंख्याशास्त्रज्ञ जॉन ब्लॅकर यांनी २००७ मध्ये काटेकोर हिशेब करून ५० हजारांच्या आसपास अतिरिक्त मृत्यूंचा अंदाज दिला आणि त्यांतील निम्मी दहा वर्षांखालील मुले होती, असे नोंदवले. आकडा कमी झाला म्हणून सुटकेचा निःश्वास टाकणाऱ्यांनी त्याच्या पुढचे वाक्यही वाचावे.

३ मार्च १९५९ रोजी होला छावणीत ११ बंदिवानांना पहारेकऱ्यांनी बडवून ठार केले. सरकारी पत्रकात ते पाणी प्यायल्याने मरण पावल्याचे म्हटले होते! त्याआधी दोनच वर्षांपूर्वी वसाहतीचे ॲटर्नी जनरल एरिक ग्रिफिथ-जोन्स यांनी गव्हर्नरना पत्र लिहून सल्ला दिला होता की, पाप करायचेच असेल तर ते गाजावाजा न करता करावे. हे पत्र जगाला का उशिरा दिसले? कारण सत्तांतरापूर्वी अडचणीची कागदपत्रे निवडून काढण्यात आली. काही जाळली, काही वजन बांधून समुद्रात बुडवण्याच्या सूचना होत्या, उरलेली विमानाने इंग्लंडला नेली. केनियाच्या सुमारे १,५०० फायली हॅन्स्लोप पार्क येथील सरकारी कोठारात लपून होत्या. २०११ मध्ये न्यायालयातील लढ्यामुळे त्या बाहेर आल्या. त्याच खटल्यात ब्रिटिश सरकारचा युक्तिवाद असा होता की, १९६३ मध्ये केनिया स्वतंत्र झाला तेव्हा छळाची जबाबदारीही केनिया सरकारकडे गेली. अंगावरच्या वळांचाही वारसा पीडितांच्याच माथी! न्यायमूर्ती मॅककोम्ब यांनी तो युक्तिवाद फेटाळला, तेव्हा कुठे तडजोडीची भाषा सुरू झाली.

आता दुसरी बाजू. माऊ माऊंच्या हातून घडलेली क्रौर्ये झाकून त्यांना देव्हाऱ्यात बसवण्याचे कारण नाही. २६ मार्च १९५३ च्या रात्री लारी येथे सरकारनिष्ठांच्या झोपड्या पेटवून सत्तरांहून अधिक माणसे मारण्यात आली. त्यांत बहुसंख्य स्त्रिया आणि मुले होती. अधिकृत नोंदींनुसार या उठावात ३२ गोरे व २६ आशियाई नागरिक मारले गेले. आणि आफ्रिकी नागरिक अठराशेहून अधिक. शपथ घ्यायला नकार देणारे अनेक श्रद्धाळू ख्रिस्ती किकुयू ठार झाले. हे सर्व खरे आहे. पण लारीच का? गोऱ्यांच्या क्षेत्राची सीमा सलग करण्यासाठी तिगोनी येथील कुटुंबांना उठवून सरकारने लारीची जमीन देऊ केली. काहींनी ती घेतली, काहींची गेली ती गेलीच. मुखिया लुका यांनी ती घेतली आणि त्या रात्री प्रथम त्यांचेच घर पेटले. तिथेही पुन्हा जमीनच निघाली. लारीची छायाचित्रे जगभर छापली गेली. त्यानंतर सरकारी दलांनी सूड म्हणून किती जणांना मारले, याची धड मोजदादही झाली नाही.

'हे तर किकुयूंचे आपसातले यादवी युद्ध होते, राष्ट्रीय लढा कसला?' असा आक्षेप केनियातीलच बेथवेल ओगोट यांच्यासारख्या थोर इतिहासकारांनी घेतला आहे. लढणारे मुख्यतः किकुयू, एंबू आणि मेरू होते, हे नाकारता येत नाही. परंतु ज्याच्या घराला आग लागते तोच आधी धावतो. आणि यादवी लावली कोणी? सरकारनिष्ठ 'होम गार्ड' उभारले ते सरकारने, आणि १९५४ च्या स्वीनर्टन योजनेखाली जमिनीच्या एकत्रीकरणाचे पक्के खाते-उतारे वाटले गेले तेव्हा छावण्यांत अडकलेल्यांची, जंगलात गेलेल्यांची बाजू मांडायला गावात कोणी नव्हते. राजनिष्ठेचे बक्षीस बांधावर मोजून देण्यात आले.

खरी शोकांतिका त्यानंतरची आहे. १२ डिसेंबर १९६३ रोजी केनिया स्वतंत्र झाला. ज्या केन्याटांना इंग्रजांनी माऊ माऊचे म्होरके ठरवून तुरुंगात टाकले, त्यांनीच माऊ माऊला समूळ गेलेला रोग म्हटले आणि देशाला भूतकाळ विसरण्याचा उपदेश केला. गोऱ्यांची शेते ब्रिटनकडून काढलेल्या कर्जातून विकत घेण्यात आली. भूमिहीनाने आपल्याच आज्याची जमीन हप्त्याने घ्यायची! ज्याच्याकडे पैसा होता, पद होते, त्याने ती अधिक घेतली. केन्याटांबरोबर तुरुंग भोगलेले बिल्दाद काग्गिया यांनी भूमिहीनांना जमीन विनामूल्य द्यावी असा आग्रह धरला. १९६४ मध्ये त्यांचे सरकारमधील पद गेले. पुढच्याच वर्षी भर सभेत केन्याटांनी त्यांना हिणवले की, बरोबरीच्यांनी शेतीवाडी केली, तू स्वतःसाठी काय केलेस? निःस्पृहता हा दोष ठरण्याचा क्षण इतका लवकर कोणत्या देशात आला असेल? जंगलात अखेरपर्यंत राहिलेले बैमुंगी १९६५ च्या प्रारंभी स्वतंत्र केनियाच्याच दलांकडून मारले गेले. त्याच वर्षी २४ फेब्रुवारीला पियो गामा पिंटो यांची नैरोबीत गोळ्या घालून हत्या झाली. गोमंतकीय कुळातला हा माणूस गोवामुक्तीच्या कामात उतरला, केनियात परतून माऊ माऊला साहाय्य करताना पकडला गेला आणि १९५४ पासून पाच वर्षे स्थानबद्धतेत राहिला. स्वतंत्र केनियातील ही पहिली राजकीय हत्या. मुंबई-पुण्यात किती जणांना हे नाव ठाऊक आहे?

इंग्रजांनी घातलेली माऊ माऊवरील बंदी उठली ती २००३ मध्ये, स्वातंत्र्यानंतर चाळीस वर्षांनी! तोवर छावण्यांतून आलेले म्हातारे कायद्याच्या दृष्टीने बेकायदा संघटनेचेच सदस्य होते. उघडपणे संघटनाच करता येत नव्हती, तर दावा कुठून करणार? २०१८ मध्ये चाळीस हजारांहून अधिक जणांचा दुसरा दावा लंडनच्या न्यायालयाने निकाली काढला, त्यातले मुख्य कारण काय, तर फार उशीर झाला. उशीर कोणामुळे झाला, हे विचारण्याची न्यायालयाला गरज भासली नाही.

फील्ड मार्शल पदापर्यंत पोहोचलेली एकमेव स्त्री मुथोनी किरिमा. जंगलात वाढलेल्या जटा त्यांनी स्वातंत्र्यानंतरही कित्येक दशके उतरवल्या नाहीत. २०२२ मध्ये त्या कापल्या गेल्या, कापणारे हात केन्याटांच्या पत्नीचे होते. सप्टेंबर २०२३ मध्ये मुथोनी वारल्या. त्यानंतर काही आठवड्यांनी राजे चार्ल्स केनियात आले, वसाहतकाळातील हिंसा घृणास्पद आणि असमर्थनीय होती, असे म्हणाले. माफीचा शब्द त्यांनीही उच्चारला नाही.

सेनानी देदान किमाथी यांना १८ फेब्रुवारी १९५७ रोजी कामिती तुरुंगात फाशी देऊन खूण न ठेवता पुरले गेले. पन्नास वर्षांनी, त्याच तारखेला, नैरोबीतील त्यांच्याच नावाच्या रस्त्यावर हातात बंदूक घेतलेला त्यांचा पुतळा उभा राहिला. पतीच्या अस्थी मिळाव्यात, एवढी एकच मागणी मुकामी किमाथी यांनी लंडनपुढे आणि नैरोबीपुढे आयुष्यभर धरली. मे २०२३ मध्ये त्या गेल्या, तेव्हाही त्या अस्थी त्यांच्या हाती आलेल्या नव्हत्या.